ताईचा मारिओ: जुन्या पीएसपीवरच्या कामाची नोंदवही

९ जून २०२४, रविवार

पीएसपी-३०००, म्हणजे सोनीचं हातात धरून खेळायचं गेमयंत्र, आज हातात आला. काळा रंग, पाठीवर ओरखडे, काच मात्र स्वच्छ, चार्जर सोबत. विकणाऱ्याने बॅटरी ठीक आहे असं सांगितलं होतं. मागचं झाकण एका कडेने उचललेलं दिसलं म्हणून काढून पाहिलं, तर बॅटरी पुरीसारखी टम्म फुगलेली. लगेच बाहेर काढून गॅलरीत फरशीवर एकटी ठेवली. फुगलेल्या लिथियम बॅटरीला टोचणं, दाबणं, पुन्हा चार्जिंगला लावणं यातलं काहीही करायचं नाही. उद्या ई-कचऱ्यात देतो.

काय करायचं आहे ते आधी लिहून ठेवतो. १९ ऑगस्टला राखीपौर्णिमा आहे, ताई नाशिकहून येणार. तोपर्यंत या यंत्रावर आमचा, म्हणजे लहानपणी घरच्या टीव्ही गेमवर खेळायचो तो मारिओ चालला पाहिजे. 'आमचा' हा शब्द मी मुद्दाम लिहितोय. चार वर्षांपूर्वी मी तिला फोनवर इम्युलेटर (जुन्या यंत्राची नक्कल करणारा प्रोग्राम) टाकून सुपर मारिओ खेळायला दिला होता. अर्ध्या मिनिटात तिने फोन परत दिला. म्हणाली, "हा आपला मारिओ नाही रे. याची लय वाढलीय." मी म्हटलं, गेम तोच आहे ताई, तूच विसरलीस. तिने वाद घातला नाही, उठून चहा ठेवायला गेली.

ताई मिरजेत आठ वर्षं गाणं शिकली. आमचं घर सतारमेकर गल्लीच्या मागे. तंबोरे जुळवताना दिवसभर ऐकू यायचे. 'लय' हा शब्द ती उगाच वापरणार नाही, हे मला तेव्हाच कळायला हवं होतं. गेल्या महिन्यात ५० आणि ६० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला तितकी चित्रं दाखवणाऱ्या टीव्हींबद्दल वाचत होतो, तेव्हा तिचं वाक्य आठवलं आणि हे काम डोक्यात बसलं.

पीएसपीच का, तर आडवं धरायचं यंत्र, दोन्ही अंगठ्यांना खरी बटणं, ४.३ इंची पडदा आणि ताईच्या हाताला जड होणार नाही असं वजन. २००४च्या डिसेंबरात जपानमध्ये पहिला पीएसपी आला, ३००० हे मॉडेल २००८चं. १००० मॉडेलच्या पडद्यावर वेगाने सरकणाऱ्या चित्राची शेपटी राहते. मारिओत पार्श्वभूमी सतत सरकते, त्यामुळे ते नको होतं. ३०००च्या पडद्यावर जवळून पाहिलं तर बारीक आडव्या रेषा दिसतात. त्या चालतील.

१२ जून, बुधवार

ऑफिस सुटल्यावर पासोड्या विठोबापाशी उतरून तपकीर गल्लीत, पुण्याच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात. दुकानदाराने दोन बॅटऱ्या समोर ठेवल्या. एकीवर ३६०० एमएएच छापलेलं, दुसरीवर १२००. कंपनीची मूळ बॅटरी ३.६ व्होल्ट, १२०० एमएएचची होती. पहिल्या जाड पीएसपीची १८०० होती, आणि तिला जागाही जास्त लागायची. तेवढ्याच आकारात तिप्पट वीज मावणार नाही. १२००वाली घेतली.

घरी येऊन लावली. सेटिंगमध्ये बॅटरीची माहिती नीट दिसते, टक्के दिसतात. झाकण सपाट बसलं.

१६ जून, रविवार

आज फर्मवेअर, म्हणजे यंत्र चालवणारं आतलं सॉफ्टवेअर. यंत्रात जुनी आवृत्ती होती, ती आधी कंपनीच्या ६.६१वर नेली. हीच पीएसपीची शेवटची, २०१५ सालातली. बॅटरी पुरेशी भरलेली नसेल किंवा चार्जर लावलेला नसेल तर अपडेट सुरूच होत नाही, म्हणून बॅटरीशिवाय पुढचं काही करता आलं नसतं.

त्यावर एलएमई हे कस्टम फर्मवेअर टाकलं. फाइली मेमरी स्टिकवरच्या (पीएसपीचं मेमरी कार्ड) पीएसपी फोल्डरातल्या गेम फोल्डरमध्ये ठेवायच्या आणि यंत्राच्या मेनूतून इन्स्टॉलर चालवायचा. कस्टम फर्मवेअरमुळे यंत्र कंपनीची सही नसलेले प्रोग्रामही चालवतं. बाकी मेनू, फोटो, गाणी सगळं पूर्वीसारखंच.

एक गोष्ट ताईला शिकवावी लागेल. माझ्या यंत्रावर हा बदल मुळात कोरला जात नाही, चालू यंत्राच्या मेमरीत राहतो. पॉवरची कळ क्षणभर सरकवून सोडली की यंत्र झोपतं, आणि उठवल्यावर सगळं जागच्या जागी असतं. कळ धरून ठेवली तर यंत्र पूर्ण बंद होतं. मग पुन्हा सुरू केल्यावर मेनूतला लाँचर एकदा चालवावा लागतो. दहा सेकंदांचं काम आहे, पण माहीत नसेल तर गेम उघडत नाही आणि माणूस घाबरतो. पाठीवर छोटी चिठ्ठी चिकटवणार.

२२ जून, शनिवार

मेमरी स्टिक प्रो ड्युओ आता महाग आणि भरवशाची नाही, म्हणून मायक्रोएसडी बसणारा अडॅप्टर घेतला. सोबत घेतलेलं ३२ जीबीचं कार्ड खोटं निघालं. एच२टेस्टडब्ल्यू या तपासणीच्या प्रोग्रामने पूर्ण भरून परत वाचलं, तर ७ जीबीच्या पुढे सगळा कचरा. अशी कार्डं सुरुवातीला नीट चालतात आणि भरत आल्यावर आधीच्या फाइली खातात. नवीन कार्ड घेतलं की आधी ही चाचणी, मगच फाइली. दुसरं कार्ड आणलं, ते पास. पीएसपीच्याच सेटिंगमधून फॉरमॅट केलं, हवे ते फोल्डर ते स्वतःच तयार करतं.

२३ जून, रविवार

रेट्रोआर्क टाकलं. हा अनेक इम्युलेटर एकत्र चालवणारा प्रोग्राम, त्यातल्या एकेका इम्युलेटरला कोअर म्हणतात. त्यात निंटेंडोच्या फॅमिकॉमसाठी, म्हणजे आपल्याकडे ज्याला टीव्ही गेम म्हणायचो त्याच्यासाठी, एफसीईयूएमएम हा कोअर निवडला. पीएसपीवर नेस्टरजे हा इम्युलेटर जुना आणि हलका आहे, पण मला हवी असलेली एक सेटिंग एफसीईयूएमएममध्ये आहे: रीजन, म्हणजे कुठल्या प्रकारच्या टीव्हीसाठीचं यंत्र. त्यात चार पर्याय आहेत, ऑटो, एनटीएससी, पाल आणि डेंडी. या चौथ्यावर माझी भिस्त आहे.

तपासायला नोव्हा द स्क्विरल हा मुक्त सोर्सचा नवा गेम घातला. प्रोसेसर ३३३ मेगाहर्ट्झवर ठेवल्यावर आवाज न तुटता चालतो.

मारिओ मात्र कुठून उतरवून घ्यायचा नाही, असं ठरवलंय. मिरजेच्या घरी माळ्यावर आमची पिवळी कॅसेट असणार. तीच वाचायची.

३० जून, रविवार

पालख्या पुण्यात. पेठांतले रस्ते बंद, बाजारात जायचं रद्द. दुपारी वारकऱ्यांना पाणी द्यायला सोसायटीतल्या लोकांबरोबर उभा होतो. काम काही नाही.

६ जुलै, शनिवार, मिरज

सापडलं सगळं. माळ्यावर दिवाळीच्या आकाशकंदिलांच्या खाली, खाकी पुठ्ठ्याच्या खोक्यात. बाबांनी १९९६च्या उन्हाळी सुट्टीत लक्ष्मी मार्केटमधून आणलेला टीव्ही गेम, दोन रिमोट, तीन कॅसेटी आणि टीव्हीच्या अँटेनाच्या भोकात घालायची काळी वायर. आई म्हणाली, अजून फेकलं नाही ते तुझ्या ताईमुळे, दर दिवाळीला आवरताना ती परत वर ठेवते.

यंत्र सुरू होत नाही. अडॅप्टर मेलाय, आणि रिमोटच्या आतलं रबर चिकट झालंय. पण मला ते चालवायचं नव्हतं, उघडायचं होतं. तळाचे पाच स्क्रू काढले. आत एकच हिरवी पट्टी, मधोमध डांबरासारखा काळा ठिपका. प्रोसेसर, चित्र काढणारा भाग, सगळं त्याच ठिपक्याखाली. शेजारी पत्र्याची चपटी डबी उभी, नखाएवढी. ती क्रिस्टल, यंत्राच्या घड्याळाचा ठेका देणारी. तिच्यावरची धूळ कापसाने पुसली, बाबांचं पंचांग वाचायचं भिंग आणलं, टॉर्च तिरका धरला. आकडे अंधूक पण स्पष्ट: २६.६०१.

मी तसाच खाली फरशीवर बसलो. जपानी किंवा अमेरिकी यंत्रात इथे २१.४७७ असतं.

ताईला फोन करावासा वाटला. केला नाही. राखीपर्यंत थांबायचं आहे.

७ जुलै, रविवार, परतीच्या गाडीत

कालच्या आकड्याचा अर्थ लिहून काढतो, नंतर विसरायला नको.

फॅमिकॉम जपानमध्ये १५ जुलै १९८३ला आला. तिथला टीव्ही एनटीएससी, सेकंदाला सुमारे ६० चित्रं. त्यातल्या रंगाच्या लहरीची वारंवारता ३.५७९५४५ मेगाहर्ट्झ. तिची सहापट म्हणजे २१.४७७, तोच त्यांचा क्रिस्टल. त्याला १२ने भागलं की प्रोसेसरचा वेग मिळतो, १.७९ मेगाहर्ट्झ.

आपल्याकडचा टीव्ही पाल. सेकंदाला ५० चित्रं, रंगाची लहर ४.४३३६१८७५ मेगाहर्ट्झ. सहापट केली की २६.६०१७. माळ्यावरच्या डबीवर हेच कोरलेलं आहे.

निंटेंडोने युरोपसाठी पाल यंत्रं केली तेव्हा या आकड्याला १६ने भागलं. प्रोसेसर १.६६ मेगाहर्ट्झवर आला आणि स्वरही खाली उतरले. पेटीवरच्या एका पट्टीपेक्षा थोडे जास्तच. नक्कल यंत्रं करणाऱ्या तैवानी चिपवाल्यांनी १५ने भागलं. प्रोसेसर १.७७वर राहिला, मूळ जपानी वेगाच्या जेमतेम एक टक्का खाली. त्यामुळे जपानी टीव्हीसाठी केलेल्या कॅसेटी त्यांच्या यंत्रात बिनबोभाट चालायच्या. पडद्यावरची एक ओळ काढायला प्रोसेसरची जेवढी पावलं मूळ यंत्रात पडायची, तेवढीच इथेही पडायची. फक्त प्रत्येक चित्राच्या शेवटी हे यंत्र ५० ओळी जास्तीच्या थांबायचं, म्हणजे ६०ऐवजी ५० चित्रं होतात. रशियात अशी नक्कल यंत्रं डेंडी नावाने खपली, म्हणून इम्युलेटरमध्ये या प्रकाराला ते नाव पडलं.

आता मुख्य गोष्ट. यंत्र प्रत्येक चित्रानंतर प्रोसेसरला एक हाक देतं. मारिओचं पाऊल त्या हाकेवर पुढे पडतं, कासव त्या हाकेवर सरकतं, आणि कोजी कोंडोंचं संगीतही त्याच हाका मोजत पुढच्या स्वरावर जातं. सेकंदाला ६० हाकांऐवजी ५० मिळाल्या की सगळं एकाच प्रमाणात संथ होतं, सहाला पाच. पण स्वर किती उंच, हे प्रोसेसरच्या घड्याळावर ठरतं, आणि ते घड्याळ जवळजवळ तेच आहे. म्हणजे आमच्या घरी मारिओची पट्टी जपानचीच होती आणि लय आमची होती. फोनवरच्या इम्युलेटरने मूळ ६०ची चाल दिली. ताई म्हणाली, लय वाढलीय. पट्टी बदलली असं ती म्हणाली नव्हती. शब्दाला शब्द बरोबर होती.

१४ जुलै, रविवार

कॅसेट वाचली. एका मित्राकडे आर्डुइनो मेगा या छोट्या सर्किट बोर्डावर उभारलेला ओपन सोर्स कॅसेट रीडर आहे, ६० पिनांचा सॉकेट असलेला. त्याच्या घरी सकाळी दहा ते दोन.

पहिल्या वाचनात नुसता कचरा आला. कॅसेटच्या कडेचे तांब्याचे दात काळे-हिरवे पडले होते. लहानपणी गेम अडकला की आम्ही कॅसेटमध्ये जोरात फुंकर मारायचो. त्या फुंकरीतला दमटपणा वर्षानुवर्षं दातांवर बसलेला. काम व्हायचं ते फुंकरीमुळे नाही, काढून पुन्हा बसवल्यामुळे. आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि कापसाच्या काड्या. अकरा काड्या काळ्या झाल्यावर बारावी पांढरी निघाली. मग सलग दोनदा वाचलं, दोन्ही वेळा बाइटनबाइट सारखं.

प्रोग्राम ३२ केबी, चित्रं ८ केबी. वर इम्युलेटरला कॅसेटची माहिती देणारं १६ बाइटचं मथळ्याचं टोपण, एकूण ४०,९७६ बाइट. आख्खा सुपर मारिओ, आठ जगांतल्या ३२ पायऱ्या, संगीतासकट. आई रोज सकाळी पाठवते तो गुड मॉर्निंगचा फोटोसुद्धा यापेक्षा मोठा असतो. एवढ्या जागेत काम बसवायला करणाऱ्यांनी काय काय केलंय ते जवळून पाहण्यासारखं आहे. आकाशातला पांढरा ढग आणि जमिनीवरचं हिरवं झुडूप एकच आकृती आहे, फक्त रंग बदललाय. चित्रांची ८ केबी उघडून पाहिली, झुडपाचे वेगळे तुकडे खरंच कुठे नाहीत.

टोपणात एक चूक केली होती. दृश्यांची मांडणी उभी की आडवी हे सांगणारा एक बिट मी उलटा टाकला. गेम सुरू झाला, पण मारिओ थोडा पुढे गेला की पुढचं दृश्य मागच्यावर चढायचं, पाइप अर्ध्यात कापले जायचे. बिट सरळ केला, सुटलं.

शीर्षकाच्या पडद्यावर मूळ गेममध्ये १९८५ आणि निंटेंडो असं लिहिलेलं असतं. आमच्या कॅसेटमध्ये ती ओळ कोरी आहे. नक्कल करणाऱ्यांनी पुसून टाकली. शिगेरू मियामोतो, ताकाशी तेझुका, कोजी कोंडो ही नावं मला तिशीनंतर कळली. ज्या गेमने आमची दोन वर्षं भरून गेली तो कोणी केला हे आम्हाला माहीत नव्हतं, आणि माहीत होऊ नये अशी व्यवस्था कोणीतरी केली होती. हे मला मनापासून खटकतं. म्हणून नावं इथे लिहितोय, आणि ताईलाही सांगणार.

२० जुलै, शनिवार

स्टॉपवॉच घेऊन बसलो. पहिल्या पायरीवर मारिओला काहीही न करता उभा ठेवायचा. पहिला शत्रू आपण पुढे गेल्याशिवाय येत नाही, त्यामुळे घड्याळ संपेपर्यंत तो सुखरूप असतो. वरचं घड्याळ ४००पासून सुरू होतं आणि दर २४ चित्रांनी एक आकडा उतरतो.

एनटीएससीवर: २ मिनिटं ४० सेकंद.
डेंडीवर: ३ मिनिटं १२ सेकंद.

गणितही तेच सांगतं, १६० आणि १९२. आम्हाला एका पायरीला ३२ सेकंद जास्त मिळत होते.

१००च्या खाली घड्याळ आलं की संगीत घाई करायला लागतं. डेंडीवरची ती घाई ऐकली आणि अंगावर काटा आला. मिरजेत लोडशेडिंग संध्याकाळी सातला व्हायचं. पावणेसातला ताई चौथ्या जगात असायची आणि ही घाई सुरू व्हायची. दोन घड्याळं एकदम धावत असायची, एक टीव्हीतलं आणि एक भिंतीवरचं.

२५ जुलै, गुरुवार

रात्रभर पाऊस. खडकवासल्यातून पाणी सोडलंय, नदीकाठच्या वस्त्यांत शिरलंय. ऑफिसने घरून काम सांगितलं, पण सकाळपासून वीजच नाही. आमच्याकडे बाकी ठीक.

फोन बातम्यांसाठी राखून ठेवला. संध्याकाळी अंधारात पीएसपी पूर्ण चार्जवरून चालवला, मधला उजेड, आवाज हेडफोनवर: ३ तास ३५ मिनिटं. बॅटरी खरी आहे.

४ ऑगस्ट, रविवार

दोन गोष्टींवर आख्खा दिवस गेला.

पहिली, हिसका. पीएसपीचा पडदा सेकंदाला ५९.९४ वेळा बदलतो, तो ५०वर आणता येत नाही. गेम ५० चित्रं देतो. मग पाच चित्रांमागे एक चित्र दोनदा दिसतं. मारिओ पळताना जमीन सरकते, सरकते आणि किंचित अडखळते. रुळांच्या सांध्यांवरून जाताना रेल्वेला बसावेत तसे बारीक, ठरावीक धक्के. पडद्याच्या ठेक्यावर चालवलं की आवाज तुटतो, आवाजाच्या ठेक्यावर चालवलं की धक्का दिसतो. मी आवाज निवडला. ताई कानाने खेळते.

या पडद्याची थोडी मंद चाल इथे उपयोगी पडते, आधीच्या चित्राचा अंश राहतो आणि धक्का जरा पुसट होतो. पूर्ण जात नाही. यावर पीएसपीत उपाय नाही, हे मी आता मान्य केलंय.

दुसरी, आकार. गेमचं चित्र २५६ बाय २४०, पीएसपीचा पडदा ४८० बाय २७२. एकास एक ठेवलं तर मधोमध पाच सेंटिमीटरचं चित्र, चष्मा लावूनही ताईला त्रास होईल. नेहमीप्रमाणे चारास तीन केलं, ३६३ बाय २७२. छान दिसतं, पण काहीतरी चुकतंय असं वाटत राहिलं.

उत्तर आल्बममध्ये मिळालं. मिरजेहून येताना आईने जुने फोटो दिले होते. १९९७ची दिवाळी, मी आणि ताई नवीन कपड्यांत, मागे टीव्ही चालू, त्यावर मारिओ. फोटो स्कॅन करून मोठा केला. टीव्हीवर वर आणि खाली काळ्या पट्ट्या आहेत. बरोबरच आहे: पाल टीव्हीवर दिसणाऱ्या २८८ ओळींपैकी गेम २४०च भरायचा. उंची कमी पडायची, रुंदी तेवढीच, म्हणून चित्र दबलेलं आणि मारिओ जरा रुंद. हिशोबाने प्रमाण १.४८ येतं. पीएसपीच्या उंचीला ४०२ बाय २७२. रेट्रोआर्कमध्ये कस्टम आकार टाकला, कडा मऊ करणारं फिल्टर चालू केलं.

आणि तो दिसला. गुबगुबीत, बुटका, आमच्या टीव्हीतला मारिओ. इतकी वर्षं मला वाटायचं, लहानपणी तो आपल्याला जाडा वाटायचा इतकंच.

११ ऑगस्ट, रविवार

बटणं. जुन्या रिमोटवर बी आणि ए शेजारी शेजारी, आडवे. अंगठ्याचं टोक बीवर दाबून पळायचं आणि अंगठ्याचा मधला सांधा एवर टेकवून उडी मारायची. अंगठा उचलायचाच नाही, नुसता लोळवायचा. रेट्रोआर्क मुळात बी फुलीवर आणि ए गोलावर ठेवतं. त्यात अंगठा उजवीकडे वर वळवावा लागतो आणि लांब उडी चुकते. बी चौकोनावर, ए फुलीवर केलं. अंगठा आपोआप तिरका पडतो आणि लोळतो. तासभर खेळून पाहिलं, हात शांत राहिला.

बाकी कॅसेटी: रोड फायटर वाचली गेली. ६४ गेमवालीतले पहिले काही वाचता आले, पुढचे गेम उघडणारी कॅसेटमधली जुळणी रीडरला ओळखता येत नाही. टँकचा गेम, म्हणजे नामकोचं बॅटल सिटी, त्यात मिळालं. ताईला तेच हवं असेल. बंदुकीचा बदकांचा गेम या पडद्यावर होणारच नाही. ती बंदूक जुन्या काचेच्या टीव्हीवर क्षणभर उमटणारा उजेड ओळखायची.

चिठ्ठी चिकटवली: "कळ सरकवून लगेच सोड. धरून ठेवू नकोस."

१९ ऑगस्ट, सोमवार, राखीपौर्णिमा

राखी, ओवाळणी, नारळीभात झाला. भाचा झोपल्यावर मी यंत्र बाहेर काढलं. दोन सेटिंग ठेवल्या होत्या. काही न सांगता आधी एनटीएससीवर दिलं.

तिने यंत्र उलटसुलट पाहिलं, चिठ्ठी वाचली, सुरू केलं. पहिल्याच सुरावटीला चेहरा तसाच राहिला. दहा-बारा पावलं चालली, पहिल्या शत्रूवर उडी मारली. "हं. तुझ्या फोनवर होता तोच." आणि परत द्यायला हात पुढे केला.

मी म्हटलं थांब, आणि दुसरी सेटिंग लावून दिली.

ग ग ग, सा ग प. लहानपणी तिने हे पेटीवर बसवलं होतं, गुरुजींना न सांगता. आता ती ओठातल्या ओठात म्हणायला लागली आणि डाव्या पायाने मात्रा धरली. तीन-चार आवर्तनं ती खेळलीच नाही, मारिओला उभा ठेवून नुसती ऐकत राहिली. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "हा आपला."

मी तिला क्रिस्टलचा फोटो दाखवला, सहाला पाच समजावून सांगितलं. चार वर्षांपूर्वी तुझं बरोबर होतं आणि माझं चूक, हेही सांगितलं. ती म्हणाली, "मग तेव्हा मला वेड्यात का काढलंस रे?" मी म्हटलं, कान तयार नव्हता ताई.

नंतर ती खेळली. दुसऱ्या पायरीत विटांच्या वरून, छताशी चालत जाऊन, पुढच्या जगात नेणाऱ्या पाइपांपाशी पोचली. एकदाही न थांबता. तिने चौथं जग निवडलं. पळताना जमीन अडखळते ते तिला दिसलं का, विचारलं. म्हणाली, दिसतंय, पण आपला टीव्ही काय कमी लुकलुकायचा? कोरी ओळ दाखवून मियामोतो, तेझुका, कोंडो ही नावं सांगितली. कोंडोंचं नाव तिने दोनदा म्हणून घेतलं, आणि फोनमध्ये टिपून ठेवलं.

साडेबारा वाजता सहाव्या जगात मेली. मला दिलं. मी पहिल्याच खड्ड्यात पडलो, तसा नेहमी पडायचो. ती परत घेऊन बसली.

२१ ऑगस्ट, बुधवार

ताई यंत्र घेऊन नाशिकला पोचली. काल रात्री कळ धरून ठेवली गेली, गेम उघडेना म्हणून फोन आला. लाँचर कुठे आहे ते सांगितलं, चालू झालं.

राहिलेलं: दुसरी १२००ची बॅटरी. जुन्या रिमोटसाठी नवं रबर. मिरजेच्या यंत्राला अडॅप्टर लावून पाहायचा. आईने विचारलंय, खोकं परत माळ्यावर ठेवू की खालीच राहू दे. खालीच राहू दे म्हटलं, दिवाळीला दोघंही येतोय. चार्जर ताई इथेच विसरली, उद्या कुरिअरने पाठवतो.